दिशांची रोजकीर्द आणि खतावणी

आपला पहिला प्रश्न मुलाच्या स्पर्धा परीक्षेतील एका गणिताचा आहे. परंतु त्याला आपण जो दुसरा प्रश्न जोडला आहे, तो माझ्या चौतीस वर्षांच्या मोजणीच्या नोकरीतलाच आहे, म्हणून दोन्हींचे उत्तर एकत्र आणि थोडे सविस्तर देतो.

गणित असे आहे: एक मनुष्य घरातून निघून उत्तरेकडे १५ किलोमीटर जातो, डावीकडे वळून ८ किलोमीटर चालतो, पुन्हा डावीकडे वळून ३ किलोमीटर जातो आणि शेवटी उजवीकडे वळून १ किलोमीटर चालतो, तर तो घरापासून किती अंतरावर आणि कोणत्या दिशेला आहे? आपल्या मुलाने २७ किलोमीटर लिहिले. पुस्तकात १५ किलोमीटर, वायव्य असे उत्तर दिले आहे. दुसरा प्रश्न असा की, ही रीत जमिनीवर चालते का हे पाहण्यासाठी आपण दोघांनी मोबाइलमधील होकायंत्र हातात धरून इंदुरातील आपल्या वसाहतीच्या चौकोनाला पावले मोजत एक फेरी मारली, चालत चालत घराच्या फाटकाशीच परत आलात, आणि तरीही आकडेमोडीने आपण फाटकापासून ९५ पावले दूर निघालात. हे कसे झाले?

प्रथम गणित पाहू. मुलाने चारही टप्पे मिळवले. २७ किलोमीटर हा आकडा खोटा नाही, पण तो चाललेल्या वाटेचा आहे आणि प्रश्न निघालेल्या ठिकाणापासून पडलेल्या अंतराचा आहे. वाट वळणे घेत जाते, अंतर मात्र सरळ रेषेत मोजावयाचे असते. मी शिकाऊ मुलांना हे समजावताना दुकानाच्या वह्यांचा दाखला देत असे, आणि सराफ्याच्या आसपास वाढलेल्या मुलांना तो लगेच पटत असे. दिवसभरात जे जे घडले ते घडलेल्या क्रमाने रोजकीर्दीत उतरते. परंतु कोणाकडे किती येणे आणि किती देणे, हे कळण्यासाठी रोजकीर्दीतील रकमा खतावणीत ज्याच्या त्याच्या खात्यावर न्याव्या लागतात. दिशांच्या गणितात चाललेली वाट ही रोजकीर्द आहे आणि खाती दोनच आहेत: एक उत्तर-दक्षिण खाते, दुसरे पूर्व-पश्चिम खाते. उत्तर जमा धरली तर दक्षिण नावे पडते. पूर्व जमा धरली तर पश्चिम नावे पडते. एका खात्याची रक्कम दुसऱ्या खात्यात कधीही मिसळावयाची नाही. मुलाची चूक हीच आहे की त्याने खतावणी न करता रोजकीर्दीचीच बेरीज मांडली.

आता रकमा खात्यांवर नेऊ. उत्तरेकडे १५ हे सरळ आहे. उत्तरेकडे तोंड असताना डावीकडे वळले की पश्चिम येते, म्हणून पश्चिमेकडे ८. पश्चिमेकडे तोंड असताना डावीकडे वळले की दक्षिण येते, म्हणून दक्षिणेकडे ३. आता तोंड दक्षिणेकडे आहे, आणि या स्थितीत उजवीकडे वळले की पश्चिमच येते, म्हणून पश्चिमेकडे आणखी १. उत्तर-दक्षिण खात्यावर १५ जमा आणि ३ नावे, शिल्लक उत्तर १२. पूर्व-पश्चिम खात्यावर ८ आणि १, दोन्ही पश्चिमेच्या बाजूस, शिल्लक पश्चिम ९. म्हणजे एवढी सगळी पायपीट करून हा मनुष्य घरापासून १२ किलोमीटर उत्तरेला आणि ९ किलोमीटर पश्चिमेला सरकला आहे. या दोन शिल्लका एकमेकींशी काटकोन करतात, म्हणून त्यांचे वर्ग करून बेरीज घ्यावयाची, १४४ आणि ८१ मिळून २२५, आणि त्याचे वर्गमूळ १५. हा १५ पहिल्या टप्प्यातील १५ शी जुळतो हा केवळ योगायोग आहे. प्रश्न काढणाऱ्याने तो मुद्दाम ठेवला असल्यास मला नवल वाटणार नाही, कारण तेवढ्याने पुष्कळ मुले बिचकतात आणि बरोबर आलेले उत्तर खोडतात. ९, १२, १५ ही जोडी ३, ४, ५ चीच तिप्पट आहे. परीक्षेत ५, १२, १३ आणि ८, १५, १७ आणि ७, २४, २५ या जोड्याही वारंवार येतात. त्या तोंडपाठ असाव्यात, म्हणजे वर्गमूळ काढण्यात वेळ जात नाही.

खतावणीच्या पद्धतीचा एक लाभ असा की, एकदा सगळे टप्पे चार दिशांच्या भाषेत लिहून झाले म्हणजे त्यांचा क्रम निरर्थक ठरतो. आधी पश्चिमेकडे ९ जा आणि मग उत्तरेकडे १२ जा, किंवा उलट करा, पोहोचण्याचे ठिकाण तेच. परंतु टप्पे ‘डावीकडे, उजवीकडे’ या भाषेत असतील तोवर क्रम हेच सर्वस्व असते, कारण प्रत्येक वळण मागच्या वळणावर अवलंबून आहे. म्हणून बहुतेक चुका या भाषांतराच्या पायरीवर होतात, बेरजेत फारच थोड्या होतात. वरच्याच गणितात शेवटच्या वळणाला बहुतेक मुले कागदाच्या उजव्या हाताला, म्हणजे पूर्वेकडे, रेघ ओढतात. तसे केले की पश्चिमेची शिल्लक ७ उरते, १४४ आणि ४९ मिळून १९३ होतात आणि वर्गमूळ नीट सुटत नाही. चालणारा दक्षिणेकडे तोंड करून उभा आहे, कागद पाहणारा मात्र उत्तरेकडे तोंड करून बसला आहे, एवढाच या चुकीचा उगम आहे. यावर कागदच फिरवून घेण्याचा उपाय सुचवला जातो. तो घरी ठीक आहे, परीक्षेच्या बाकावर दर वळणाला कागद फिरवणे मला प्रशस्त वाटत नाही.

आपल्या भाषेने या बाबतीत एक सोय फार पूर्वीच करून ठेवली आहे. दक्षिण या शब्दाचा मूळ अर्थ उजवा असाही आहे, आणि पूर्व म्हणजे पुढचा. उगवत्या सूर्याकडे तोंड करून उभे राहिले की उजव्या हाताला जी बाजू येते ती दक्षिण आणि पाठीमागे राहते ती पश्चिम. देवाला उजव्या हाताशी ठेवून फिरणे म्हणजे प्रदक्षिणा. ती घड्याळाच्या काट्यांच्या दिशेने होते आणि प्रदक्षिणा घालणारा दर कोपऱ्यावर उजवीकडेच वळतो. मी मुलांना आठ दिशा प्रदक्षिणेच्या क्रमाने पाठ करावयास सांगतो: उत्तर, ईशान्य, पूर्व, आग्नेय, दक्षिण, नैर्ऋत्य, पश्चिम, वायव्य. उजवीकडे काटकोनात वळणे म्हणजे या माळेत दोन घरे पुढे जाणे, डावीकडे वळणे म्हणजे दोन घरे मागे येणे, ४५ अंशांचे वळण म्हणजे एक घर, १३५ अंशांचे म्हणजे तीन घरे, आणि उलट फिरणे म्हणजे चार घरे, मग ते कोणत्याही बाजूने मोजा. चित्र न काढताही तोंड कोठे आहे हे त्यामुळे क्षणात सांगता येते. मोजणीदार हीच माळ अंशांत लिहितो: उत्तर शून्य, पूर्व ९०, दक्षिण १८०, पश्चिम २७०, उजवे वळण मिळवा, डावे वजा करा, ३६० च्या वर गेल्यास ३६० काढून टाका आणि उणे आल्यास ३६० मिळवा.

उत्तरातील दुसरा भाग दिशेचा आहे, आणि तेथे भाषा काटेकोर ठेवावी लागते. ‘तो घराच्या कोणत्या दिशेला आहे’ आणि ‘घर त्याच्या कोणत्या दिशेला आहे’ हे दोन वेगळे प्रश्न आहेत. पहिल्याचे उत्तर वायव्य आले तर दुसऱ्याचे आग्नेय येते. प्रश्नपत्रिकेत वाक्य लांबवून हा फरक बेमालूम झाकलेला असतो. ज्याच्यापासून पाहावयाचे त्याच्या नावाखाली रेघ ओढण्याची सवय मुलास लावावी. शिवाय वायव्य हे उत्तर येथे परीक्षेपुरते खरे आहे. खरी वायव्य म्हणजे उत्तर आणि पश्चिम यांच्या बरोबर मध्यावरची, ४५ अंशांवरची दिशा. आपला मनुष्य १२ उत्तरेला आणि ९ पश्चिमेला असल्यामुळे तो उत्तरेपासून पश्चिमेकडे सुमारे ३७ अंशांवर आहे, म्हणजे वायव्येपेक्षा उत्तरेकडे झुकलेला. मोजणीच्या वहीत वायव्य असे लिहून चालणार नाही, ३२३ अंश असे लिहावे लागेल.

सावलीवरून दिशा ओळखण्याची गणिते याच प्रकारात येतात. सकाळी सावली पश्चिमेकडे आणि सायंकाळी पूर्वेकडे पडते हे परीक्षेतील गृहीत आहे आणि तेथे ते निमूटपणे मानावे. प्रत्यक्षात सूर्य बरोबर पूर्वेला वर्षातून दोनदाच, विषुवदिनांच्या सुमारास उगवतो, आणि इंदुराच्या अक्षांशावर जूनच्या अखेरच्या पंधरवड्यात तो पूर्वेपासून सुमारे २५ अंश उत्तरेकडे सरकून उगवतो. आपले शहर कर्कवृत्ताच्या किंचित दक्षिणेला असल्यामुळे जूनच्या पहिल्या आठवड्याच्या अखेरीपासून जुलैच्या पहिल्या आठवड्यापर्यंत, साधारण महिनाभर, मध्यान्हीची सावली चक्क दक्षिणेकडे पडते. हे मुलाला अंगणात एक काठी रोवून दाखवावे, पण उत्तरपत्रिकेत लिहू देऊ नये.

तिरप्या टप्प्यांचे मात्र थोडे सांगितले पाहिजे, कारण आपल्या फेरीचा उलगडा त्यावरच आहे. एखादा टप्पा थेट ईशान्येकडे १० किलोमीटर असेल, तर तो दोन्ही खात्यांवर विभागून जातो. ४५ अंशांवर विभागणी समसमान होते, म्हणजे उत्तरेच्या खात्यावर सुमारे ७.०७ आणि पूर्वेच्या खात्यावर तेवढेच, पाच-पाच नव्हे. १० चे दोन भाग पाच-पाच असे मुले हमखास करतात. परंतु हे भाग काटकोनातील बाजू आहेत, आणि त्यांच्या वर्गांची बेरीज १०० झाली पाहिजे, त्यांची स्वतःची बेरीज १० नव्हे. इतर कोणत्याही कोनासाठी टप्प्याची लांबी उत्तरेपासून प्रदक्षिणेच्या दिशेने मोजलेल्या कोनाच्या कोसाइनने गुणली की उत्तरेचा भाग मिळतो आणि साइनने गुणली की पूर्वेचा भाग मिळतो. गुणाकार उणे आला तर ती रक्कम अनुक्रमे दक्षिणेची किंवा पश्चिमेची समजावी. या कोनाला आम्ही बेअरिंग म्हणतो, आणि त्या दोन भागांना लॅटिट्यूड आणि डिपार्चर. बिंदूकडून बिंदूकडे लांबी आणि बेअरिंग घेत जाण्याच्या कामाला ट्रॅव्हर्स म्हणतात. आपण वसाहतीभोवती जे केले ते लहानसे, पण खरेखुरे ट्रॅव्हर्स होते.

आपण दिलेले आकडे येथे पुन्हा मांडतो. फाटकापासून १० अंशांवर ४१० पावले. तेथून १०० अंशांवर ३०० पावले. तेथून २०२ अंशांवर ४०० पावले. आणि शेवटी २८० अंशांवर ३१० पावले, की पुन्हा फाटक. पहिल्या टप्प्याचे उत्तर ४०३.८ आणि पूर्व ७१.२. दुसऱ्याचे दक्षिण ५२.१ आणि पूर्व २९५.४. तिसऱ्याचे दक्षिण ३७०.९ आणि पश्चिम १४९.८. चौथ्याचे उत्तर ५३.८ आणि पश्चिम ३०५.३. फेरी मिटली असती तर दोन्ही खाती शून्यावर आली असती. येथे उत्तरेच्या खात्यावर ३४.६ आणि पश्चिमेच्या खात्यावर ८८.५ उरतात, आणि त्यांच्या वर्गांच्या बेरजेचे मूळ ९५. आपली आकडेमोड अगदी बरोबर आहे. चूक मोजणीत आहे.

ती कोठे आहे हे शोधण्याची एक युक्ती आहे. न मिटलेली रेषा, म्हणजे फाटकापासून आकडेमोडीने निघालेल्या शेवटच्या ठिकाणापर्यंतची रेषा, कोणत्या दिशेला पडली आहे ते आधी पाहावे. एखाद्या टप्प्याची लांबीच चुकली असेल, म्हणजे पावले मोजताना शंभराचा आकडा एकदा गळला असेल किंवा मोजणीची साखळी एकदा मोजावयाची राहिली असेल, तर न मिटलेली रेषा त्या टप्प्याला समांतर पडते, आणि तिची लांबी बहुधा एक साखळी किंवा शंभर पावले अशी पूर्ण संख्या असते. आमच्या वीस मीटरच्या साखळीवर फेरी नेमकी वीस मीटरने उघडी राहिली की खलाशाकडे, म्हणजे साखळी धरणाऱ्या मदतनिसाकडे, वळून पाहण्याची आवश्यकता नसे. दर साखळीच्या टोकाशी जमिनीत खोचलेल्या सुयांपैकी एखादी उचलून आणावयाची राहिलेली असे. उलट कोन चुकला असेल, तर न मिटलेली रेषा त्या टप्प्याला जवळजवळ काटकोनात पडते. एकाच टप्प्यात चूक असेल तेव्हा ही युक्ती सहसा फसत नाही. दोन-तीन ठिकाणी चुका असल्यास मात्र तिच्यावर विसंबू नये. आपली न मिटलेली रेषा उत्तरेपासून पश्चिमेकडे सुमारे ६९ अंशांवर, म्हणजे २९१ अंशांच्या बेअरिंगवर आहे. तिला काटकोनात असलेली दिशा २०१ अंशांची, आणि आपला तिसरा टप्पा २०२ अंशांवर लिहिलेला आहे. संशय घ्यावयास दुसऱ्या कोणाकडे जाण्याची गरज नाही.

वसाहतीचे रस्ते काटकोनात आहेत असे आपण लिहिलेच आहे; मग पहिल्या रस्त्याला समांतर असलेला तिसरा रस्ता १० मध्ये १८० मिळवून १९० अंशांवर असावयास हवा होता. तो तसा धरून पाहिला तर तिसऱ्या टप्प्याचे दक्षिण ३९३.९ आणि पश्चिम ६९.५ होतात, आणि खात्यांवर उत्तरेला ११.६ व पश्चिमेला ८.२ एवढेच उरते. म्हणजे फेरी १४ पावलांनी उघडी राहते. एकूण १,४२० पावलांत १४, म्हणजे शंभरात एक. प्रिझमॅटिक कंपास, म्हणजे मोजणीदाराचे होकायंत्र, आणि साखळी घेऊन केलेल्या कामात आम्ही तीनशेत एक ते सहाशेत एक एवढी चूक चालवून घेत असू. पावलांनी आणि मोबाइलने शंभरात एक आणल्याबद्दल मी आपल्या मुलास शाबासकी देईन. (हा १९० चा आकडा मी केवळ तपासण्यासाठी घातला आहे, वहीत मोजलेला आकडा खोडून सोयीचा आकडा लिहिणे हा आमच्या धंद्यातील सर्वात मोठा अपराध होय. टप्पा पुन्हा मोजावा.)

बारा अंश कोठून आले, याचा माझा तर्क लोखंडावर आहे. होकायंत्राची सुई असो की मोबाइलमधील चुंबकीय संवेदक असो, दोन्ही जवळच्या लोखंडाकडे ओढले जातात. तिसऱ्या रस्त्याच्या तोंडाशी उभी असलेली मोटार, विजेचे रोहित्र, लोखंडी फाटक, किंवा मोबाइलच्या कव्हरमधले बंद करण्याचे लहानसे चुंबक, यांपैकी काहीही पुरेसे आहे. माझ्या स्वतःच्या नोकरीच्या दुसऱ्या वर्षी मालव्यातील एका खेड्याबाहेर तलावाच्या हद्दीचे ट्रॅव्हर्स करताना फेरी जवळजवळ १७ मीटरने उघडी राहिली. मी दोन रात्री कंदिलाच्या उजेडात बेरजा तपासल्या आणि तिसऱ्या दिवशी माझ्या वरिष्ठांनी वही हातात घेऊन पाच मिनिटांत बोट ठेवले. कोणत्याही रेषेचे बेअरिंग दोन्ही टोकांकडून घेतले तर त्यांच्यात बरोबर १८० अंशांचे अंतर पडले पाहिजे. माझ्या पहिल्या दोन ठिकाणांवर ते पडत होते. तिसऱ्या ठिकाणाला जोडणाऱ्या दोन्ही रेषांवर मात्र चार अंशांचा फरक होता. तिसरे ठिकाण एका बाभळीच्या सावलीत होते, आणि त्या सावलीत शेतकऱ्याने आपली बैलगाडी सोडली होती. गाडीच्या चाकांच्या लोखंडी धावा माझ्या कंपासपासून दोन हातांवर होत्या. पुढचा टप्पा २४० मीटरचा होता, आणि २४० मीटरवर चार अंश म्हणजे जवळजवळ १७ मीटर. आकडे वहीतच होते, पण मी बेरजाच तपासत बसलो होतो आणि उलट बेअरिंगांचा रकाना पाहिलाच नव्हता.

म्हणून आपण पुढच्या वेळी प्रत्येक रस्त्याचे बेअरिंग जाताना एकदा आणि टोकाला पोहोचल्यावर मागे वळून एकदा, असे दोनदा घ्यावे. ज्या ठिकाणी दोहोंत १८० चा फरक पडत नाही, तेथे रस्त्याच्या मध्यावर, गाड्यांपासून आठ-दहा पावले दूर उभे राहून पुन्हा वाचावे. मोबाइल कव्हरमधून बाहेर काढावा. होकायंत्राची उत्तर आणि भौगोलिक उत्तर यांतील फरकाचा विचारही आपल्या मनात आला असेल. परंतु आपल्या भागात तो सध्या एका अंशाहूनही कमी आहे, आणि महत्त्वाची गोष्ट अशी की, तो कितीही असता तरी फेरी त्याच्यामुळे उघडी राहिली नसती. सर्व टप्पे सारख्याच कोनाने फिरले तर सगळी आकृतीच अंगाने फिरते आणि शेवटचा बिंदू पहिल्यावरच येऊन पडतो. त्याचप्रमाणे आपले पाऊल आपल्या समजुतीपेक्षा लहान असले तर सगळी आकृती लहान होते, पण तीही मिटते. मिटलेली फेरी एवढेच सांगते की टप्पे एकमेकांशी जुळतात. ते खऱ्या उत्तरेशी आणि खऱ्या मीटरशी जुळतात की नाही, हे ती सांगत नाही. त्यासाठी फीत धरून शंभर मीटर आखावेत आणि त्यात आपली पावले किती पडतात हे तीन वेळा मोजून सरासरी घ्यावी.

ट्रॅव्हर्समध्ये चूक टप्प्यागणिक साठत जाते, हा या पद्धतीचा उपजत दोष आहे. अर्ध्या अंशाची चूक एका किलोमीटरवर जवळजवळ ९ मीटर होते. इंग्रज लष्करी अधिकारी विल्यम लॅम्ब्टन यांनी १८०२ मध्ये मद्रासजवळ पायारेषा मोजून देशाच्या त्रिकोणमितीय मोजणीस आरंभ केला तेव्हा त्यांनी साखळीने देशभर चालत जाण्याऐवजी एक रेषा अत्यंत काळजीपूर्वक मोजून बाकी सारे त्रिकोणांच्या कोनांवरून काढण्याचा मार्ग धरला, त्यामागे हे कारण होते. त्या कामाची एक पायारेषा आपल्याच प्रदेशात सिरोंज येथे मोजली गेली.

आपण शेवटी सहज विचारले आहे की, याच रीतीने इंदूर ते उज्जैन हे अंतर काढता येईल काय. येईल, आणि तेथे पावलांऐवजी अक्षांश-रेखांश खात्यांवर घ्यावयाचे. इंदुरातील राजवाडा सुमारे २२ अंश ४३ मिनिटे उत्तर आणि ७५ अंश ५१ मिनिटे पूर्व. उज्जैन सुमारे २३ अंश ११ मिनिटे उत्तर आणि ७५ अंश ४६ मिनिटे पूर्व. अक्षांशांतील फरक २८ मिनिटांचा. एक अंश अक्षांश म्हणजे सुमारे १११ किलोमीटर, म्हणून उत्तरेच्या खात्यावर साधारण ५२ किलोमीटर. रेखांशांतील फरक ५ मिनिटांचा. परंतु रेखांशाचा अंश उत्तरेकडे जाताना आखडत जातो आणि आपल्याकडे तो १०३ किलोमीटरच्या आतबाहेर आहे, म्हणून पश्चिमेच्या खात्यावर साडेआठ किलोमीटर. मूळ काढल्यावर साडेबावन्नच्या आसपास येते. साडेआठ किलोमीटर आडवे सरकूनही अंतर जेमतेम पाऊण किलोमीटरने वाढले, हे मुलाच्या लक्षात आणून द्यावे. मोठ्या बाजूच्या वर्गापुढे लहान बाजूचा वर्ग किती दुबळा असतो, ते येथे दिसते. रस्त्याने जाताना यापेक्षा थोडे अधिकच पडते, कारण रस्ता ही पुन्हा रोजकीर्द आहे.

रेखांश आखडत जातात यातून आणखी एक गमतीची गोष्ट निघते, आणि ती कागदावर कधीच दिसत नाही. इंदुरातून नेमके उत्तरेकडे १०० किलोमीटर, मग पूर्वेकडे १००, मग दक्षिणेकडे १०० आणि पश्चिमेकडे १०० किलोमीटर कोणी काटेकोरपणे चालला, तर खतावणीत दोन्ही खाती शून्यावर येतात, परंतु तो मनुष्य निघालेल्या ठिकाणाच्या सुमारे पावणेसातशे मीटर पूर्वेला उभा असतो. वरच्या अक्षांशावरचे १०० किलोमीटर अधिक रेखांश व्यापतात आणि परतीचे १०० किलोमीटर खालच्या, रुंद अक्षांशावर कमी व्यापतात. हाच चौकोन एक-एक किलोमीटरचा घेतला तर फरक साडेसहा सेंटीमीटरांचा राहतो. आपल्या वसाहतीची फेरी त्याहूनही लहान आहे, म्हणून त्या १४ पावलांचा दोष पृथ्वीच्या गोलाईवर ढकलता येणार नाही. तो पावलांचाच आहे, आणि बहुधा चौथ्या रस्त्यावर काही पावले आखूड पडलेली आहेत.